नटाच्या घरचे माणूस

गोव्याहून कोल्हापूरला जाताना मी शक्यतो चोर्ला घाटाचा रस्ता धरतो. बेळगाव मागे पडले, संकेश्वर गेले, तवंदीचा घाट उतरला की निपाणी येते. आणि निपाणी आली की गाडीत बसलेल्यांपैकी कोणीतरी हटकून लखोबा लोखंडेची आठवण काढतो. आचार्य अत्र्यांचे 'तो मी नव्हेच' रंगभूमीवर आले १९६२ साली. त्यानंतर कित्येक पिढ्या गेल्या, पण निपाणीचा तंबाखूचा व्यापारी म्हटला की आम्हा मराठी माणसांच्या डोळ्यांसमोर अजूनही प्रभाकर पणशीकरच उभे राहतात. खऱ्या निपाणीने या देशाला तंबाखू दिला, १९८१ चे तंबाखू उत्पादकांचे आंदोलन पाहिले, सीमाप्रश्नाच्या झळा सोसल्या. तरी नाव निघते ते एका नाटकातल्या भामट्याचे. नाटकाची ताकद म्हणतात ती हीच!

माझ्यासाठी मात्र निपाणी म्हणजे माझी मामी. ती त्या बाजूच्या एका खेड्यातली. माझ्या मामाचे डिचोलीच्या बाजारात तंबाखूचे दुकान होते. गोवा मुक्त झाल्यावर तो माल आणायला निपाणीला जाऊ लागला आणि तीन-चार वर्षांत तिथलीच सोयरीक जमवून आला. मामी अखेरपर्यंत आपल्याच बोलीत बोलली. आम्ही भाचरे तिच्या 'लई' आणि 'व्हय'ची नक्कल करत असू, तीही हसत असे. दूरदर्शनवर जुना मराठी चित्रपट लागला आणि त्यात सुलोचनाबाई असल्या, की ती हातातले काम टाकून पुढे येऊन बसायची. "आमच्या खडकलाटची हाय ती," एवढे एकच वाक्य. जणू बाई तिच्या मावसबहिणीच होत्या!

मामीचे म्हणणे खोटे नव्हते. सुलोचनाबाईंचा जन्म ३० जुलै १९२८ चा, बेळगाव जिल्ह्यातल्या, निपाणीजवळच्या खडकलाट गावचा. 'लाटकर' हे आडनावही त्या गावावरूनच आलेले. त्यांच्याबद्दल आपल्याला पुष्कळ माहीत आहे. पण आज मला लिहायचे आहे ते त्यांच्याबद्दल नाही. मला लिहायचे आहे नटाच्या घरच्या माणसाबद्दल. म्हणजे नटाच्या बायकोबद्दल, आणि नटीच्या नवऱ्याबद्दलसुद्धा. या विषयावरचे मराठीतले एक महत्त्वाचे पुस्तक सुलोचनाबाईंच्या घरातूनच आले, म्हणून सुरुवात निपाणीपासून.

ते पुस्तक म्हणजे 'नाथ हा माझा'. लेखिका कांचन घाणेकर. त्या सुलोचनाबाईंच्या कन्या आणि डॉ. काशिनाथ घाणेकरांच्या पत्नी.

काशिनाथ घाणेकर हे नाव गोमंतकीय वाचकाला समजावून सांगायची गरज नाही. ते मूळचे चिपळूणचे, व्यवसायाने दातांचे डॉक्टर. पण त्यांना खऱ्या अर्थाने प्रकाशात आणले ते आपल्या माणसांनी! वसंत कानेटकरांचे 'रायगडाला जेव्हा जाग येते' १९६२ साली धी गोवा हिंदु असोसिएशनने रंगभूमीवर आणले. दिग्दर्शक मास्टर दत्ताराम. त्यातला घाणेकरांचा संभाजी पाहून प्रेक्षक वेडे झाले. पुढे १९६६ साली 'अश्रूंची झाली फुले' आले आणि त्यातल्या लाल्याने तर तरुणांच्या बोलण्याचालण्याची तऱ्हाच बदलून टाकली. पडद्यावर 'पाठलाग', 'मराठा तितुका मेळवावा', 'मधुचंद्र', 'एकटी'. नाटकाच्या जाहिरातीत सगळ्या नटांची नावे झाली की शेवटी "आणि... डॉ. काशिनाथ घाणेकर" असे यायचे. तो 'आणि' ऐकायला लोक कान टवकारून बसत. मराठी रंगभूमीवर घरात न मावणाऱ्या लोकप्रियतेचा पहिला अनुभव कोणाला आला असेल, तर तो या माणसाला.

आता गंमत पाहा. १९६८ च्या 'एकटी' या चित्रपटात सुलोचनाबाई आई आणि घाणेकर त्यांचा मुलगा. पोरासाठी झिजणाऱ्या त्या आईला पाहून सबंध महाराष्ट्र आणि गोवा रडला. आणि प्रत्यक्षात हा 'मुलगा' पुढे त्यांचा जावई झाला. तोही सरळपणे नव्हे. घाणेकर या घरी येऊ-जाऊ लागले तेव्हा कांचन शाळकरी वयाची होती. दोघांच्या वयात मोठे अंतर, त्यात घाणेकर विवाहित. त्यांच्या पत्नी डॉ. इरावती स्वतः वैद्यकीय व्यवसायात. कोणत्या आईला हे रुचेल? सुलोचनाबाईंनाही रुचले नाही. पडद्यावर सोशिकपणाची मूर्ती असलेल्या या बाईने घरात विरोध केला. वर्षे गेली, विरोध मावळला आणि लग्न झाले. पण संसाराला फार दिवस मिळाले नाहीत. २ मार्च १९८६ रोजी, नाटकाच्या दौऱ्यावर असताना, अमरावतीला घाणेकर गेले. वय पन्नाशी ओलांडून थोडेसेच पुढे.

त्यानंतर कांचनताईंनी पुस्तक लिहिले. त्याचे नाव त्यांनी खाडिलकरांच्या 'स्वयंवर'मधल्या नाट्यपदावरून घेतले. बालगंधर्वांची रुक्मिणी आपल्या कृष्णाचे गुणगान करते ते हे पद. गोव्यात ज्याच्या कानावरून हे पद गेले नाही, असा नाटकवेडा सापडायचा नाही. म्हणजे नावातच पुस्तकाची भूमिका आली. लिहिणारी जाब विचारायला बसलेली नाही, ती आपल्या माणसाबद्दल सांगायला बसली आहे. पण म्हणून तिने दारू लपवली नाही, संताप लपवला नाही, लहरीपणा लपवला नाही. टाळ्यांची चटक लागलेल्या माणसाला टाळ्या कमी झाल्यावर काय होते, हे तिने जवळून पाहिले होते आणि ते तिने लिहिले.

या पुस्तकाचे आपण वाचकांनी काय केले?

मी स्वतः काय केले ते सांगतो. कॉलेजात असताना वाचनालयातून ते आणले, दोन रात्रीत संपवले. मित्रांना सांगितले काय? तर घाणेकर असे प्यायचे, घाणेकर असे भांडायचे, घाणेकर एन्ट्रीच्या आधी असे असायचे. कांचन नावाच्या मुलीने चौदा-पंधराव्या वर्षापासून आपले सगळे तारुण्य एका वादळाच्या वाटेवर घालवले, त्याबद्दल आमच्या चर्चेत एक वाक्य नव्हते. आमच्या दृष्टीने ती एक खिडकी होती. खिडकीतून पलीकडचा माणूस नीट दिसला की झाले. खिडकीकडे कोण बघतो?

आणि बघितलेच तर कसे? दोनच नजरांनी. एक म्हणजे, "काय तिची निष्ठा!" आणि दुसरी, "दुसऱ्याचा संसार मोडला हिने." मधे काही नाही.

इथे मला पुन्हा निपाणीच्या लखोबाचे नाटक आठवते. त्यात लखोबाने फसवलेल्या स्त्रिया एकामागून एक कोर्टात येतात, साक्ष देतात आणि जातात. प्रत्येकीचे आयुष्य उद्ध्वस्त झालेले असते. पण प्रेक्षक बघत असतो लखोबाकडे. आता हा कसा निसटणार? पुढचा वेष कोणता घेणार? नाटक म्हणून ते योग्यच आहे, अत्र्यांनी ते तसेच बांधले आहे. तक्रार नाटकाबद्दल नाही. तक्रार अशी, की खऱ्या आयुष्यातल्या बायकांची पुस्तकेही आपण त्याच रीतीने वाचतो. नटाची बायको लिहू लागली की आपण तिला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी करतो. बाई, तुम्ही आरोपीच्या बाजूने की विरुद्ध, तेवढे सांगा आणि खाली उतरा.

सुनीताबाई देशपांड्यांचे 'आहे मनोहर तरी' १९९० साली आले, तेव्हा हेच झाले. पु.ल. म्हणजे मराठी माणसाच्या घरचाच माणूस. त्यांच्या पत्नीने मोकळेपणाने लिहिले, तर "बाईंनी भाईंवर अन्याय केला का?" यावर लोक तावातावाने बोलू लागले. त्या पुस्तकातली स्वतंत्र बुद्धीची, स्वातंत्र्यचळवळीत उडी घेतलेली, कवितेवर जीव टाकणारी बाई पुष्कळांना दिसली, नाही असे नाही. पण तिच्याकडे पोचायला वेळ लागला.

खरे तर मराठीत ही वाट फार जुनी आहे. आपल्याकडे अनेक बायकांनी आठवणी लिहिल्या त्या नवऱ्याच्या निमित्ताने. रमाबाई रानड्यांचे 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' १९१० चे. त्यात न्यायमूर्ती केंद्रस्थानी. लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' १९३४ पासून भागाभागाने आली. मूळ हेतू रेव्हरंड टिळकांच्या चरित्राला आठवणी पुरवण्याचा. पण झाले काय? आज 'स्मृतिचित्रे' कोण रेव्हरंड टिळकांसाठी वाचतो? आपण ती लक्ष्मीबाईंसाठी वाचतो. त्यांची थट्टा, त्यांचा हट्ट, सोवळ्याओवळ्यातून बाहेर पडतानाची त्यांची ओढाताण. म्हणजे वाचकाला खिडकी सोडून घरात जाता येते, जर त्याने मनावर घेतले तर. 'स्मृतिचित्रे'ला जे भाग्य लाभले ते नटाच्या बायकोच्या पुस्तकाला का लाभू नये?

कोणी म्हणेल, "अहो, लक्ष्मीबाईंची लेखणी कुठे आणि या आठवणी कुठे!" मान्य. मी वाङ्मयीन तुलना करतच नाही. मी वाचकाच्या सवयीबद्दल बोलतो आहे.

दुसराही एक आक्षेप येईल आणि तो अधिक वजनदार आहे. "प्रसिद्ध होता नट. त्याची बायको काही प्रसिद्धीच्या शर्यतीत उतरली नव्हती. तिला तिच्या घरात सुखाने राहू द्या ना! तिच्याबद्दल कुतूहल म्हणजे चोंबडेपणाच." यात तथ्य आहे. ज्याला बोलायचे नाही त्याच्या दारात जाऊन उभे राहू नये, हे मीही म्हणेन. पण घडते काय ते पाहा. जो बोलत नाही त्याला आपण सुखाने राहू देत नाही. जो बोलला त्याच्या पुस्तकातून आपण न बोललेल्याचा निकाल लावून टाकतो!

डॉ. इरावतींचेच पाहा. २०१८ साली 'आणि... डॉ. काशिनाथ घाणेकर' हा चित्रपट आला. सुबोध भाव्यांनी घाणेकर उभे केले, सोनाली कुलकर्णींनी सुलोचनाबाई. चित्रपटाला आधार 'नाथ हा माझा'चा. सुलोचनाबाई तेव्हा नव्वदीच्या, हयात होत्या. आपल्याच घरातले एवढे मोठे वादळ पडद्यावर आले असताना त्या माऊलीच्या मनात काय झाले असेल, कोण जाणे! तो चित्रपट पाहून थेटरातून बाहेर पडताना पुढच्या दोन बायका बोलत होत्या. एक म्हणाली, "पहिली किती चांगली होती नाही?" दुसरी म्हणाली, "पण तिला त्याचे वेड कळलेच नाही." दोन वाक्यांत एका शिकलेल्या, डॉक्टर असलेल्या बाईच्या आयुष्याचा निवाडा झाला. तोही तिने स्वतः न लिहिलेल्या पुस्तकावरून, आणि त्या पुस्तकावरून केलेल्या चित्रपटावरून. चित्रपटाने तिला सहानुभूतीने दाखवले हे कबूल. पण सहानुभूतीने दाखवणे वेगळे आणि तिचे म्हणणे ऐकणे वेगळे. तिने मौन निवडले असेल तर त्या मौनाचाही मान राखता आला पाहिजे. मान राखणे म्हणजे निकाल न देणे.

आणि नटीचा नवरा? त्याची तर आपल्याकडे भाषाच नाही. सुलोचनाबाईंचे लग्न अगदी लहान वयात आबासाहेब चव्हाण यांच्याशी झाले, मग त्या कोल्हापूरला सिनेमात आल्या. भालजी पेंढारकरांच्या जयप्रभा स्टुडिओत घडल्या, 'मीठ भाकर', 'वहिनीच्या बांगड्या', 'मोलकरीण' असे एकेक करत मोठ्या झाल्या. १९९९ साली पद्मश्री, २००९ साली महाराष्ट्र भूषण. ४ जून २०२३ रोजी त्या गेल्या तेव्हा सगळ्या वर्तमानपत्रांनी त्यांचे आयुष्य पुन्हा सांगितले. त्यात आबासाहेब आले ते जेमतेम एका ओळीत. त्या काळी बायकोला सिनेमात काम करू देणे म्हणजे भावकीचे काय काय ऐकून घ्यावे लागले असेल, याचा विचार तरी करून पाहा. आपल्याकडे नटीच्या नवऱ्याला एक तर बायकोच्या जिवावर जगणारा म्हणतात, नाही तर तिला छळणारा. साधा, समजूतदार, तिच्या शूटिंगची वेळ सांभाळणारा नवरा असू शकतो, हे आपल्या गप्पांत बसत नाही. मो. ग. रांगणेकरांचे 'कुलवधू' १९४२ साली आले ते अभिनेत्री पत्नी आणि तिचा नवरा यांच्यातल्या ताणावरच. ते गाजवले आपल्या बांदिवड्याच्या ज्योत्स्नाबाई भोळ्यांनी. त्यांचे स्वतःचे यजमान केशवराव भोळे मात्र खुद्द मोठे संगीतकार आणि मर्मज्ञ, म्हणून त्यांचे नाव राहिले. नुसतेच नवरे असते तर राहिले असते का? मला शंका आहे.

निपाणीपासून कोल्हापूर जवळच. तिथले अरुण सरनाईक १९८४ साली मोटार अपघातात गेले. हळहळ अजून ओसरलेली नाही. त्याच अपघातात त्यांची पत्नी आणि मुलगाही गेला. त्या बाईंचे नाव आपल्यापैकी किती जणांना सांगता येईल?

आता थोडे माझ्या घरचे सांगतो, कारण हे सगळे लिहिण्याचा नैतिक हक्क मला कितपत आहे, ते वाचकांना कळले पाहिजे.

माझा मामा आमच्या गावचा 'काशिनाथ घाणेकर' होता. देवळाच्या उत्सवात दरवर्षी नाटक व्हायचे. 'रायगडाला' बसवले त्या वर्षी मामाने संभाजी केला. मुंबईला जाऊन घाणेकरांचा प्रयोग तो दोनदा पाहून आला होता. केस तसे, मान झटकणे तसे, आवाज तसा. पुढली वीस वर्षे तो आमच्या पंचक्रोशीत 'संभाजी' म्हणूनच ओळखला गेला. दुकान मात्र बुडत गेले. तालमीच्या दिवसांत दुकानाला कुलूप, उधारी वाढलेली, निपाणीचा व्यापारी पैशांसाठी निरोप धाडणार. मामी रात्री दोन वाजेपर्यंत तालीमवाल्यांना चहा करून घालायची, पहाटे उठून दुकान उघडायची. नाटकाच्या रात्री घरी लहान पोरे असायची, म्हणून तिने मामाचा संभाजी समोर बसून कधी पाहिलाच नाही. टाळ्यांचा आवाज घरापर्यंत यायचा, तेवढाच.

२००९ साली आमच्या नाट्यमंडळाचा सुवर्णमहोत्सव झाला. मामा तोवर गेला होता. स्मरणिकेत त्याच्यावर लेख लिहायचे काम माझ्याकडे आले. मी वही घेऊन मामीकडे गेलो. दोन तास बसलो. मामाचे पहिले नाटक कोणते, गुरू कोण, संभाजीची तलवार कोणी दिली, बक्षिसे किती? मामीने सगळे आठवून आठवून सांगितले. लेख छापून आला, लोकांनी वाखाणला. मी स्मरणिका घेऊन तिच्याकडे गेलो आणि वाचून दाखवला. तिने डोळे मिटून ऐकले. मग म्हणाली, "चांगलं लिवलंस रं. पर च्या कोन करायचं, ते न्हाई लिवलंस?" आणि हसली. मीही हसलो. तिने थट्टाच केली असे मी समजलो.

मामी २०१६ साली गेली. बाराव्याला तिच्या माहेरची माणसे निपाणीकडून आली होती. त्यांच्या बोलण्यातून मला पहिल्यांदा कळले, की लग्नाआधी ती गावच्या शाळेत नाटकात काम करायची, आवाज गोड होता, आणि एकदा सुलोचनाबाई गावाकडे आल्या असताना तिने त्यांना ओवाळले होते. चाळीस-पन्नास वर्षे आमच्या घरात नांदलेल्या बाईबद्दल ही गोष्ट मला तिच्या बाराव्याला कळावी! दोन तासांच्या मुलाखतीत मी तिला तिच्याबद्दल एकही प्रश्न विचारला नव्हता. वही माझ्याकडे अजून आहे. शोधून पाहिले. एकही नाही.

म्हणून 'नाथ हा माझा' मी पुन्हा वाचायला घेतले. यावेळी घाणेकरांसाठी नव्हे. एका मुलीसाठी, जी खडकलाटहून निघालेल्या आईच्या प्रसिद्धीच्या सावलीत वाढली, तिथून उठून नवऱ्याच्या प्रसिद्धीच्या सावलीत गेली, आणि तो गेल्यावर स्वतः लेखणी घेऊन बसली. असे वाचले की पुस्तक वेगळेच होते. ज्या पानांवरून मी कॉलेजात घाईने पुढे गेलो होतो, वाट पाहण्याची पाने, आईशी अबोल्याची पाने, तीच आता वाचवत नाहीत इतकी भरलेली वाटतात. कांचनताईंचे सगळे निर्णय मला पटतात असे नाही. पटावेत असेही नाही. आपण एका माणसाचे आयुष्य वाचतो आहोत, एवढे भान ठेवले तरी पुरे.

गोव्यात तर हे भान अधिकच हवे. इथे गावागावांत देवळापुढे नाटके होतात, प्रत्येक वाड्यावर एखादा 'संभाजी', एखादा 'लाल्या', एखादा 'सुधाकर' असतो. त्यांचे सत्कार होतात, शाल-श्रीफळ दिले जाते, स्मरणिका निघतात. व्हायलाच हवे. मात्र पुढल्या वेळी जो कोणी वही घेऊन अशा घरी जाईल, त्याने कृपा करून एक पान वेगळे राखून ठेवावे. चहा घेऊन जे माणूस बाहेर येते, त्याला बसायला सांगावे. आणि आधी विचारावे ते त्याचे नाव.